आठ ओळींचा सौदा

मिरेक,

गुरुवारी तुझी हाना दुकानात आली आणि तुझा दगड माझ्या काउंटरवर ठेवला. जुन्या टॉवेलात गुंडाळलेला. "बाबांनी सांगितलं होतं, हा तुमच्याकडेच परत जायला हवा," म्हणाली. मी टॉवेल सोडला. काळा ग्रॅनाइट, पोळपाटाहून थोडा मोठा, एका कोपऱ्यात टवका उडालेला. तो टवका माझ्या कारागिराने उडवला की तुझ्या हातून उडाला, यावर आपण किती भांडलो असू. हानाला वाटलं, आता हा रडणार. मी म्हणालो, "विकलेला माल मी परत घेत नाही." ती हसली. हसते तुझ्यासारखीच, आधी डोळ्यांनी आणि मग सावकाश तोंडाने.

ती गेल्यावर मी दुकानाचं दार लावून घेतलं आणि दगडावर बोटाच्या पेराने दोनदा वाजवलं. टक, टक. 

आज रविवार. काल तुझी स्मरणसभा झाली. तिथे मी काय केलं ते तुला कुणीतरी सांगायला हवं, आणि दुसऱ्या कुणी सांगितलं तर ते गोड करून सांगतील. पण त्याआधी आपलं जुनं भांडण. ते अर्धवट टाकून जायची परवानगी मी तुला दिली नव्हती.

आमच्या इथल्या मराठी मंडळातली मुलं तुला मिरेक काका म्हणायची. तू माझ्याहून वीस-एक वर्षांनी मोठा, त्यामुळे मीही तुला अहो-जाहो करायला हवं, असं शुभदाचं म्हणणं आहे. ती माझ्या खांद्यावरून हे वाचते आहे. पण बायकोचं सगळंच ऐकायचं नसतं. ज्याच्याशी इतक्या वेळा हमरीतुमरीवर आलो, त्याला आज अहो म्हटलं, तर तूच पाठ फिरवून बसशील आणि म्हणशील, "गज, खोटं ऐकू येतंय."

तू पहिल्यांदा दुकानात आलास तो दिवस आठवतो? मला तेव्हा इथे अमेरिकेत, ट्रॉय गावात, ग्रॅनाइट विकायला लागून चारेक वर्षं झाली होती. ग्रीन कार्ड हातात पडलं त्याच वर्षी मोटार कंपनीतली आयटीची नोकरी गेली, आणि दुसऱ्याच्या हाताखाली पुन्हा जायचं नाही असं ठरवून मी आंध्रातून दगड मागवायला लागलो. कुणी पाठीवर हात ठेवला नव्हता. त्यामुळे दुकानात शिरणाऱ्या प्रत्येक माणसाकडे मी हा किती घासाघीस करणार या एकाच नजरेने बघायचो. तू शिरलास तो जुन्या तपकिरी कोटात, उजवा पाय ओढत. भिंतीला लावून ठेवलेल्या ग्रॅनाइटच्या स्लॅबपाशी गेलास आणि एकेकीला टकटक करून कान लावायला लागलास.

"काय राव, कलिंगड घ्यायला आलात का?" असं मी मराठीत पुटपुटलो आणि इंग्रजीत म्हणालो, "मे आय हेल्प यू, सर?"

तू मोडीत काढायच्या तुकड्यांच्या ढिगाकडे बोट दाखवलंस. "हा गातो."

"कशाला हवाय?"

"पीठ मळायला."

"मग गाणारा कशाला?"

"मी एकटा राहतो. मळताना कुणीतरी बोलायला नको?"

मग तू भाव करायला लागलास. किती वेळ चाललं होतं आपलं! तू खोकलास. गुडघा चोळलास. गेलेल्या बायकोच्या हातच्या डम्पलिंगबद्दल बोललास आणि मधेच थांबून छताकडे बघितलंस. किंमत काय ठरली ते इथे लिहीत नाही, दोघांचीही शोभा होईल. एवढंच सांगतो की मी वर दगडाच्या कडा फुकट घासून दिल्या. आणि मग काचेतून बघतो तर तू पार्किंगमधून दगड काखेत मारून ताठ चालत निघालेला, वर शीळ घालत. लंगडणं माझ्या दारातच ठेवून गेलास.

मी धावत बाहेर आलो. "ओ मिस्टर! पाय बरा झाला वाटतं!"

तू वळलास. जराही शरमला नाहीस. "मी नट आहे. कमी केलेली रक्कम तू तिकिटाची समज."

मला राग यायला हवा होता. तो मला चटकन येतो, ट्रॉयमधल्या सगळ्या मराठी माणसांना ते माहीत आहे. पण मला चक्क हसू आलं. आयुष्यात मला कुणी असं उघडउघड फसवलं नव्हतं. पुढच्या शनिवारी तू दुकानात मोठा डबा घेऊन आलास. त्याच दगडावर मळलेल्या पिठाचे डम्पलिंग आणि कोबीचं सूप. मी ते शुभदाने दिलेल्या लोणच्याबरोबर खाल्लं, आणि तू आधी डोळे वटारलेस, मग लोणच्याची बाटलीच घरी घेऊन गेलास. तेव्हापासून आपले शनिवार सुरू झाले.

त्या शनिवारांतच तुझं आयुष्य मला तुकड्या-तुकड्यांनी कळलं. तुकडे जुळायचे नाहीत, कारण तू दर वेळी वेगळं सांगायचास. तुझ्या देशातल्या लहान गावातलं नाटकघर. बाहुल्यांच्या नाटकांना तू दिलेलं संगीत. मुलांच्या टीव्ही मालिकेतली ती भूमिका, हिरव्या कोटातलं तळ्यातलं भूत, ज्याच्या कोटाच्या टोकातून सदा पाणी ठिबकतं आणि जे बुडालेल्यांचे जीव उपड्या झाकणांखाली कोंडून ठेवतं. बेडकासारखं ओरडतं, ब्रेकेकेके. चाळीसेक नाटकांचं संगीत केलंस, पण तुझी माणसं इथे अमेरिकेतसुद्धा तुला गाठून म्हणायची, "ते बेडकाचं काढा ना एकदा!" तू काढायचास आणि घरी जाऊन पियानोचं झाकण आपटायचास. हे तू मला एकदाच सांगितलंस, पण मी ते जपून ठेवलं. कधी वापरलं ते पुढे येईलच.

आणि ते गाण्याचं. एका नाटकात तुझं एक गाणं होतं, सरकारी माणसांनी ते प्रयोगाच्या सकाळी काढायला लावलं. वादकांना कुणी सांगितलं नव्हतं, की सांगूनही त्यांनी ऐकलं नाही. त्यांनी गाणं वाजवलं आणि तू तोंड मिटून पूर्ण वेळ उभा राहिलास. थिएटरात कुणी खोकलंसुद्धा नाही. काही महिन्यांनी तू देश सोडलास आणि इथे येऊन दहा वर्षं कारखान्यात गाड्यांना दरवाजे बसवलेस.

"खरं आहे हे?" मी विचारलं होतं.

"अर्धं खोटं आहे," तू म्हणालास. "कुठलं अर्धं ते आता मलाही आठवत नाही."

आता मुद्द्यावर येतो. आमच्या मंडळाचं वार्षिक नाटक. मंजिरी, पुण्याची, दिवसा बँकेचं सॉफ्टवेअर बघते आणि उरलेला जीव नाटकात घालते, तिने नवीन नाटक लिहिलं होतं. गावच्या लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवणारा म्हातारा बाप अमेरिकेत मुलाकडे येतो, आणि मुलाला त्याची लाज वाटते. बापाचं काम माझ्याकडे. कारण बँडवाल्याचा मुलगा मंडळात मी एकटाच. माझे वडील अमरावतीला लाल कोट घालून, पितळी बटणं लावून लग्नांच्या वरातीत वाजवायचे. हे मी कधी लपवलं नाही. कधी आपण होऊन सांगितलंही नाही. मंजिरीने विचारलं म्हणून सांगितलं, आणि वडिलांचं क्लॅरिनेट पेटीतून काढून तिला दाखवलं.

आणि नेमका आमचा कीबोर्डवाला टेक्सासला फ्रिस्कोला नोकरी मिळाली म्हणून निघून गेला. मंजिरी रडकुंडीला आली. मी म्हणालो, "माझ्याकडे माणूस आहे." तुझ्याकडे आलो आणि सौदा ठेवला: तू नाटकाला संगीत दे, मी तुझ्या स्वयंपाकघरात नवीन काउंटरटॉप बसवून देतो.

तू म्हणालास, "एक अट. नाटकातलं काय ठेवायचं आणि काय कापायचं, ते मी ठरवणार."

मी म्हणालो, "डन."

मिरेक, मी माल घेताना कंटेनरच्या कागदावरचा शब्द न् शब्द वाचतो. आयुष्यात ही एकच अट मी न तोलता मान्य केली.

तालमी माझ्या गोदामात व्हायच्या, कारण मंडळाला परवडणारा हॉल फक्त शनिवारी संध्याकाळी मिळायचा, आणि एका दिवसाने भागत नव्हतं. उभ्या स्लॅबच्या मधल्या जागेत आम्ही, आणि तू उलट्या बादलीवर, पिठाचा तोच दगड मांडीवर घेऊन, आमच्याकडे पाठ करून. सगळ्यांना वाटलं म्हाताऱ्याला डुलकी लागली. मंजिरी हळूच म्हणाली, "गजाकाका, ते झोपलेत का यार?" तेवढ्यात तू मांडीवरच्या दगडावर दोनदा वाजवलंस. टक, टक. म्हणजे थांबा. आणि न वळता म्हणालास, "तो मुलाचं काम करणारा, आत्ता खोटं बोलला."

"तुम्हाला मराठी कुठे येतं?" तो पोरगा वैतागला.

"म्हणूनच. तुम्ही शब्द ऐकता. मला दुसरं काही ऐकायला नाही."

तेव्हापासून सगळ्यांनी त्या दगडाचा धसका घेतला. तू तीन मराठी शब्द शिकलास, पुन्हा, खोटं आणि चहा, आणि त्यांवर अख्खं नाटक बसवलंस. लहान मुलं घरी गेल्यावर आईबापांना 'खोटं' म्हणायला लागली. एकीने तर आजीला व्हिडिओ कॉलवर म्हटलं, "आज्जी, दॅट वॉज खोटं." मंडळाच्या ग्रुपवर तक्रार आली होती.

शेवटच्या प्रसंगात लाल कोट घातलेला बाप क्लॅरिनेट हातात घेऊन मुलाला विचारतो, "वाजवू का?" मुलगा बोलत नाही. मग बाप क्लॅरिनेट खाली ठेवून गातो. आठ ओळी. शब्द मंजिरीचे, चाल माझ्या वडिलांची. मुलीची पाठवणी झाली की ते ती वाजवायचे, त्यांनीच बांधलेली. त्या चालीला तू कीबोर्डवर जे काही केलंस ना मिरेक, ते ऐकून मी पहिल्यांदा गोदामाच्या मागे जाऊन उभा राहिलो होतो. तू तिला काही चिकटवलं नाहीस. नुसती खालून उचललीस. त्या संध्याकाळी तू मागितलं असतंस तर सगळ्या स्लॅब तुला देऊन टाकल्या असत्या.

त्याच आठवड्यातल्या शनिवारी मी तुला ते सांगितलं, जे शुभदालाही सांगितलं नव्हतं. 'वाजवू का?' हे वाक्य मंजिरीला मी दिलं होतं, पण ते कुठून आलं ते बोललो नव्हतो. ते माझ्या लग्नातलं आहे. वडील पेटी घेऊन आले होते. मांडवाच्या कडेला मला गाठून म्हणाले, "वाजवू का?" आणि मी म्हणालो, "आज नको, बाबा. सासरची माणसं आहेत." त्यांनी बरं म्हटलं आणि पेटी खुर्चीखाली सरकवली. पुन्हा कधी विचारलं नाही. मी इथे आलो, ते तिथेच गेले.

तू माझ्या वाडग्यात आणखी सूप ओतलंस.

आणि प्रयोगाला दोन दिवस असताना, तालमीत, मी 'वाजवू का?' म्हणून गायला तोंड उघडलं, आणि टक, टक.

"इथे संपलं," तू म्हणालास. "गाणं नाही."

मला वाटलं चेष्टा आहे. मग तुझी पाठ बघितली आणि कळलं की नाही.

"आठ ओळी आहेत," मी म्हणालो.

"शून्य."

"बरं, सहा. मधल्या दोन काढू."

"शून्य."

"चार. हा शेवटचा भाव."

"गज, तू दुकानात नाहीस."

"मी दुकानातच आहे! हे माझं गोदाम आहे!"

पोरं हसली, तूही हसलास बहुतेक, खांदे हलले होते. "दोन," मी म्हणालो. "फक्त दोन. निदान चाल तरी लोकांच्या कानावर पडू दे." आणि तू तेव्हा पहिल्यांदा बादलीवरून वळलास. "नाही. तू गायलास की लोकांना बरं वाटतं. तुलाही बरं वाटतं. तुझ्या बापाला त्या दिवशी कुठे बरं वाटलं होतं?"

हे तू सगळ्यांसमोर म्हणालास. कुणाला काही कळलं नाही, मला कळलं. मी तुला सूप पिताना विश्वासाने जे सांगितलं, त्याचाच तू सुरा केलास. आजही हे लिहिताना माझे कान गरम होतात. मला ते गाणं कशासाठी हवं होतं हे जगात तुला एकट्याला माहीत होतं. लग्नात मी नको म्हटलं होतं. स्टेजवर का होईना, एकदा माझ्या बाबांना वाजवू द्यायचं होतं. आणि ते तू कापलंस.

मग मी काय बोललो ते तुला माहीत आहे. जपून ठेवलेलं काढलं. म्हणालो, "ज्याला त्याची स्वतःची माणसं फक्त बेडकाच्या आवाजासाठी ओळखतात, त्याने माझ्या बापाच्या चालीला हात लावू नये."

 मंजिरीने तोंडावर हात ठेवला. तू माझ्याकडे बघत दगडावर एकदाच वाजवलंस.

"आत्ता खरं बोललास," तू म्हणालास. "हाच आवाज परवा घेऊन ये."

मी तुझ्याशी बोललो नाही ते थेट प्रयोगापर्यंत. पडद्यामागे नटराजाची पूजा झाली, नारळ फुटला, तूही हात जोडून उभा होतास, कपाळाला कुंकू. मग तू एकेकापाशी जाऊन, मंजिरीकडून पाठ करून घेतलेलं, स्पष्ट मराठीत म्हणायला लागलास, "मान मोड."

माझ्यापाशी आलास. "गज, मान मोड."

मी मुठी वळल्या. मंजिरी मधे पडली. "काका, काका, नो! त्यांच्याकडे प्रयोगाच्या आधी असंच म्हणतात. वाईट म्हणायचं म्हणजे चांगलं होतं. आणि थँक यू म्हणायचं नाही. म्हटलं तर सगळं उलटं होतं."

"दृष्ट लागू नये म्हणून ना?" शुभदा म्हणाली, ती माझ्या कोटाची बटणं लावत होती. "आपण नाही का तीट लावत."

तू बोट उगारून मला बजावलंस. "नो थँक यू. कधीच नाही."

"त्याची काळजी करू नकोस," मी म्हणालो.

तो प्रयोग कसा झाला, ते सांगायला नको. 'वाजवू का?' म्हणून मी उभा राहिलो. क्लॅरिनेट वडिलांचं, कोट वडिलांच्या मापाचा. तू कीबोर्डवर चालीचा एकच सूर लावलास आणि सोडून दिलास. मुलाचं काम करणारा पोरगा बोलला नाही. मला अंधार व्हायची वाट बघायची होती आणि अंधार होत नव्हता. तूच दिव्यांवरच्या माणसाला थांबवलं होतंस, नंतर कळलं. पुढच्या रांगेत कुणाचे तरी वडील पुण्याहून आलेले बसले होते. ते उठून उभे राहिले, काही कारण नसताना, आणि तसेच उभे राहिले.

लोकांनी मला मिठ्या मारल्या. पोरांनी म्हटलं, काका, तोडलंत. मी तुझ्याकडे बघितलं नाही.

त्यानंतर तीन वर्षं आपण दर शनिवारी सूप प्यायलो आणि मी दर शनिवारी म्हणालो, "माझं गाणं परत दे." तू म्हणायचास, "अजून नाही. अजून तू मागतोयस." मी म्हणायचो, हे काय उत्तर झालं? तू म्हणायचास, लोणचं संपलं. आणि ते बेडकाचं वाक्य मला टोचत राहिलं. माफी मागायची म्हणून मी किती वेळा मनात शब्द जुळवले, दुकानात गिऱ्हाईक समोर असतानासुद्धा. पण तू एकदा तरी तो विषय काढायचा होतास. मी आपण होऊन कधी भाव कमी करत नाही, हे तुला माहीत होतं.

तुझ्या ऑपरेशनच्या दिवशी सकाळी मी आलो होतो. तू त्या हिरव्या गाऊनमध्ये, मी म्हणणार होतो की पुन्हा हिरव्या कोटात आलास बघ, पण जीभ आवरली. हाना फॉर्म भरायला बाहेर गेली होती. नर्स पलंगाची चाकं सोडवत होती. काय म्हणावं कळेना, म्हणून मी म्हणालो, "मान मोड, मिरेक."

आणि तू माझ्याकडे बघून, मराठीत, हळूहळू, अक्षर न् अक्षर लावून म्हणालास, "धन्यवाद."

मी ओरडलो. खरंच ओरडलो. "अरे, थँक यू म्हणायचं नाही ना! परत घे! मिरेक, परत घे ते!" नर्सला वाटलं आमचं भांडण झालं. तू हसलास, आधी डोळ्यांनी, आणि तोंडापर्यंत हसू यायच्या आत पलंग दाराबाहेर गेला.

दोन दिवसांनी हानाचा फोन आला.

मी सगळ्यांवर संतापलो, डॉक्टरांवर, नर्सवर, सगळ्यात जास्त तुझ्यावर. आयुष्य नाटकात घालवलेला माणूस एवढी साधी गोष्ट विसरतो? औषधाच्या गुंगीत होता, असं शुभदा म्हणाली. मला ते पटवून घ्यायचं होतं. पण काल सभेच्या आधी मंजिरी माझ्यापाशी आली. म्हणाली, "गजाकाका, एक सांगू? ऑपरेशनच्या आदल्या दिवशी मिरेक काकांचा फोन आला होता. थँक यूला मराठीत काय म्हणतात विचारत होते. चारदा म्हणून घेतलं माझ्याकडून. पुन्हा, पुन्हा, करत."

म्हणजे तू तालीम केली होतीस.

सभा तुमच्या चर्चच्या तळघरात होती. खसखशीचे केक, कॉफी, आणि शुभदाने नेलेले साबुदाणा वड्यांचे दोन ट्रे. ते आधी संपले, नोंद घे. तुझी म्हातारी माणसं काळ्या कपड्यांत बसलेली. एक आजोबा बोलायला उठले, दोन वाक्यं तुमच्या भाषेत बोलले आणि अडकले. मग त्यांनी मान वर केली आणि ओरडले, ब्रेकेकेके. मागून एक बाई, ब्रेकेकेके. मग सगळं तळघर. रडत आणि ओरडत. तू असतास तर कोट घेऊन निघून गेला असतास. मीही ओरडलो, मिरेक. सगळ्यांपेक्षा मोठ्याने.

मग हाना बोलली. म्हणाली, "बाबा दर ख्रिसमसला एक गोष्ट सांगायचे. माझ्या मित्राने, ग्रॅनाइटवाल्याने, मला बेडूक म्हटलं, आणि मला अमेरिकेत मिळालेली ती एकमेव खरी समीक्षा होती." लोक हसले. "दर वर्षी त्या मित्राचं वाक्य आणखी वाईट व्हायचं. यंदा तर तुम्ही त्यांना अख्खं डबकं म्हणाला होतात." तिने माझ्याकडे बघितलं, आणि सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. तीन वर्षं मी माफीचे शब्द जुळवत होतो, आणि तू तिकडे माझ्या शिवीवर ख्रिसमस साजरे करत होतास. नालायका.

मी दगड घेऊन गेलो होतो. का, ते शुभदाने विचारलं नाही, फक्त गाडीतून उतरवताना एका बाजूने धरला. मी पुढे गेलो. तो पियानोवर ठेवला, खाली टॉवेल घालून, तू घालायचास तसा. तुमच्या माणसांना काय सांगावं ते ठरवलं नव्हतं. दगडावर एकदा वाजवलं, सूर घेतला, आणि तोंडातून आपोआप आलं ते मराठीतच.

"वाजवू का?"

मंजिरीने डोळे मिटले. बाकी कुणाला काही कळलं नाही.  नको म्हणायला तिथे कुणी नव्हतं.

मी गायला लागलो. पहिली ओळ, दुसरी. आवाज फुटत होता, तुला आवडला असता. तिसरी. मला बाबांचे गाल दिसत होते, वाजवताना फुगलेले, आणि तुझी पाठ. चौथी ओळ झाली आणि मी थांबलो. थांबलो म्हणजे, मिरेक, मी वाट बघितली. चारवर सौदा पटेल असं मला वाटलं होतं. चार मी दिल्या असत्या तुला, खुशीने. मी दगडाकडे बघत होतो आणि कान मागे लावून उभा होतो.

वाजलं नाही.

मग उरलेल्या चारही ओळी मला म्हणाव्या लागल्या.